पुनरुज्जीवन कशाला म्हणावे? – ऑलिंपिकची कथा आणि आपण

(एका व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचे शब्दांकन)



ग्रीक इतिहासकार हिरोडोटस याने एक प्रसंग नोंदवून ठेवला आहे. इसवी सनापूर्वी ४८० या वर्षी पर्शियाचा सम्राट झर्क्सिस अफाट सैन्य घेऊन ग्रीसवर चालून आला होता. थर्मोपिलीच्या खिंडीतील लढाई नुकतीच संपली होती. पर्शियनांच्या छावणीत आलेल्या काही ग्रीकांना विचारण्यात आले, ‘‘तुमचे लोक सध्या काय करीत आहेत?’’ उत्तर मिळाले, ते ऑलिंपियाचा उत्सव साजरा करीत आहेत, धावण्याच्या आणि रथांच्या शर्यती पाहत आहेत. विजेत्याला काय मिळते? ऑलिव्हच्या फांदीचा मुकुट. हे ऐकून एका पर्शियन सरदाराला राहवले नाही. जे लोक धनासाठी नव्हे तर श्रेष्ठत्वासाठी झुंजतात, अशांशी लढायला आपल्याला आणले आहे, अशा अर्थाचे उद्गार त्याने काढले.

एका उत्सवात एका समाजाची ओळख कशी सामावलेली असते, हे सांगायला यापेक्षा वेगळे उदाहरण शोधायला नको. हा उत्सव पुढे लोपला आणि सुमारे पंधराशे वर्षांनी पुन्हा उभा राहिला. आज मी त्याच्या पुनर्जन्माची कथा सांगणार आहे. कथा ग्रीसची आहे आणि तिच्यासाठी बराच वेळ आपल्याला ग्रीसमध्येच राहावे लागेल. परंतु ती सांगताना माझ्या मनातला प्रश्न मात्र आपला आहे. प्राचीन वारशाचे पुनरुज्जीवन, पुनरुज्जीवन असे आपण सतत म्हणतो. ते प्रत्यक्षात घडते कसे? त्याची किंमत कोण मोजतो? आणि ते घडल्यावर तो वारसा नेमका कोणाचा उरतो?

उत्सव आणि त्याचा अस्त

ग्रीसच्या दक्षिण भागात, आल्फिऑस आणि क्लादेऑस या नद्यांच्या संगमावर ऑलिंपिया वसले आहे. हे नगर नव्हते, तीर्थक्षेत्र होते. देवराज झ्यूस हे तेथील आराध्य दैवत. इसवी सनापूर्वी ७७६ मध्ये तेथे धावण्याची शर्यत जिंकणाऱ्या कोरीबस नावाच्या एलिस प्रांतातील आचाऱ्याचे नाव विजेत्यांच्या यादीत पहिले आहे. शर्यतीचे अंतर होते सुमारे १९२ मीटर, म्हणजे क्रीडांगणाची एक लांबी. पुढे कुस्ती, मुष्टियुद्ध, रथांच्या शर्यती अशी भर पडत गेली. दर चार वर्षांनी उत्सव भरे. त्यासाठी दूत नगरोनगरी जाऊन संधीची घोषणा करीत. ही संधी म्हणजे सर्वत्र युद्धबंदी नव्हे. उत्सवाला जाणाऱ्या-येणाऱ्या यात्रेकरूला कोणी अडवू नये आणि त्या पवित्र भूमीवर शस्त्र उचलू नये, इतकाच तिचा अर्थ. आपापसांत कायम भांडणारी ग्रीक नगरराज्ये या एका ठिकाणी आपण एक आहोत याची आठवण करून घेत.

इ.स. ३९१-९२ च्या सुमारास रोमन सम्राट थिओडोसियस पहिला याने जुन्या देवतांच्या उपासनेवर बंदी घातली. ३९३ चा उत्सव हा अखेरचा, असे परंपरेने मानले जाते. परंतु केवळ राजाज्ञेने असा उत्सव मरत नाही. ज्या श्रद्धेवर, ज्या नगरांच्या स्वातंत्र्यावर आणि ज्या दात्यांच्या औदार्यावर तो उभा होता, तो आधार त्यापूर्वीच खचत गेला होता. मग भूकंप झाले, नद्यांना पूर आले आणि झ्यूसचे ते मंदिर कित्येक मीटर गाळाखाली गेले. १७६६ मध्ये एका इंग्रज प्रवाशाला ती जागा पुन्हा ओळखता आली. १८७५ ते १८८१ या काळात एर्न्स्ट कुर्टियस यांच्या नेतृत्वाखाली जर्मन संशोधकांनी तेथे पद्धतशीर उत्खनन केले. सापडलेल्या वस्तू ग्रीसमध्येच राहतील, असा करार ग्रीक शासनाने त्यासाठी आधी करून घेतला होता. नव्याने स्वतंत्र झालेल्या एका छोट्या राष्ट्राची ही जागरूकता लक्षात ठेवण्यासारखी आहे.

स्वातंत्र्यानंतरची पहिली पावले

तुर्की साम्राज्याविरुद्धचे ग्रीकांचे स्वातंत्र्ययुद्ध १८२१ मध्ये सुरू झाले. स्वातंत्र्य मिळाले आणि लगेच प्रश्न उभा राहिला की, आम्ही कोण? पानायोटिस सूत्सोस या कवीने १८३५ मध्ये शासनाला सुचवले की, राष्ट्रीय उत्सवात प्राचीन ऑलिंपिक स्पर्धा पुन्हा सुरू कराव्यात. सूचना कागदावर राहिली. ती कागदावरून जमिनीवर आणली एका धनिकाने. इव्हांगेलोस झापास हा स्वातंत्र्ययुद्धात लढलेला सैनिक. पुढे तो आजच्या रुमानियात गेला आणि तेथे त्याने अमाप संपत्ती मिळवली. १८५६ मध्ये त्याने राजा ओथो याला कळवले की, ऑलिंपिकचा खर्च मी देतो. त्या काळी काही जाणत्यांचे म्हणणे असे होते की, आता जमाना शेती आणि उद्योगाचा आहे, धावण्या-उड्या मारण्याचे दिवस गेले. अखेर तडजोड झाली. औद्योगिक प्रदर्शन भरवायचे आणि त्याला जोडून खेळ घ्यायचे.

१८५९ मध्ये अथेन्सच्या एका चौकात ते पहिले खेळ झाले. १८७० मध्ये, झापासच्या मृत्यूनंतर, त्याने ठेवलेल्या पैशातून प्राचीन पॅनाथेनिक क्रीडांगण मोकळे करण्यात आले आणि तेथे झालेले खेळ उत्तम पार पडले. विजेत्यांत अंगमेहनत करून पोट भरणारे लोकही होते. आणि नेमके हेच काही सुशिक्षितांना खुपले! १८७५ च्या खेळांत भाग घेण्याची मुभा वरच्या वर्गातील विद्यार्थ्यांपुरती ठेवली गेली. प्रेक्षक हिरमुसले, उत्साह ओसरला आणि १८८९ चा प्रयत्न तर पुरता फसला. मित्रहो, हे अपयश मला फार बोलके वाटते. पैसा होता, जागा होती, इतिहास होता, अभिमानही होता. पण आपल्याच लोकांपैकी काहींना दाराबाहेर ठेवून राष्ट्रीय उत्सव भरवता येईल, असे आयोजकांना वाटले. तो भरला नाही.

खेडेगावातला डॉक्टर आणि पॅरिसचा सरदार

याच काळात इंग्लंडच्या श्रॉपशायर परगण्यातील मच वेनलॉक या छोट्या गावात विल्यम पेनी ब्रुक्स नावाचा डॉक्टर राहत होता. गावातील कष्टकऱ्यांचे शरीर आणि मन निरोगी राहावे, या हेतूने त्याने १८५० मध्ये ‘ऑलिंपियन’ नाव देऊन खेळांचा उपक्रम सुरू केला. त्यात क्रिकेट होते, फुटबॉल होता आणि डोळे बांधून हातगाडी ढकलण्याची शर्यतसुद्धा होती. आपल्याला हसू येईल. पण याच डॉक्टरने १८५९ च्या अथेन्सच्या खेळांसाठी दहा पौंडांचे बक्षीस पाठवले, १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेस येथे राष्ट्रीय स्तरावरचे खेळ घडवून आणले आणि अथेन्समध्ये आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक भरवा, असा ग्रीक शासनाकडे वारंवार आग्रह धरला.

१८९० मध्ये एक सत्तावीस वर्षांचा फ्रेंच तरुण मच वेनलॉकला आला. त्याचे नाव बॅरन पिएर द कुबर्तिन. १८७०-७१ च्या युद्धात जर्मनीकडून झालेल्या फ्रान्सच्या मानहानीची सल त्याच्या पिढीच्या मनात होती. तरुणांच्या शिक्षणात खेळाला स्थान दिल्याशिवाय राष्ट्र उभे राहणार नाही, या विचाराने तो झपाटला होता. एक्क्याऐंशी वर्षांच्या ब्रुक्सने त्याच्या स्वागतासाठी खास खेळ भरवले. १८९२ मध्ये कुबर्तिनने पॅरिसच्या सोरबाँ विद्यापीठात ऑलिंपिकच्या पुनरुज्जीवनाचा विचार मांडला. टाळ्या पडल्या, पण कोणी तो मनावर घेतला नाही. दोन वर्षांनी त्याने पुन्हा परिषद बोलावली. या वेळी तयारी पक्की होती. त्याच्या आदल्या वर्षी डेल्फी येथील उत्खननात अपोलोचे एक प्राचीन स्तोत्र स्वरलेखनासह सापडले होते. ते परिषदेच्या प्रारंभी गायले गेले आणि सभागृह भारावून गेले. २३ जून १८९४ रोजी आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीची स्थापना झाली. पहिले यजमानपद अथेन्सला देण्याचे ठरले आणि पहिले अध्यक्षपद पॅरिसमध्ये राहणाऱ्या दिमित्रिओस विकेलास या ग्रीक साहित्यिकाकडे गेले.

पूर्वीच्या प्रयत्नांत नसलेली एक गोष्ट या वेळी होती. ती म्हणजे एक स्थायी संस्था. झापास गेला आणि त्याच्या खेळांची परवड झाली. कुबर्तिनचे कार्य त्याच्यानंतरही चालले, कारण त्याच्यामागे समिती होती, नियम होते आणि दर चार वर्षांचे बंधन होते.

१८९६ चे अथेन्स

यजमानपद मिळाले, पण ग्रीसच्या तिजोरीत पैसा कोठे होता? १८९३ मध्येच देशाचे दिवाळे निघाले होते. पंतप्रधान त्रिकूपिस यांचा या खर्चाला स्पष्ट विरोध होता आणि तो अनाठायी नव्हता. युवराज कॉन्स्टंटाइन यांनी पुढाकार घेऊन जनतेला आवाहन केले. देशातून आणि परदेशस्थ ग्रीकांकडून वर्गण्या आल्या, खास टपाल तिकिटे काढण्यात आली. इजिप्तमधील अलेक्झांड्रियात स्थायिक झालेल्या जॉर्ज अव्हेरॉफ या व्यापाऱ्याने पॅनाथेनिक क्रीडांगण पुन्हा संगमरवरात उभे करण्यासाठी नऊ लाखांहून अधिक द्राख्मा दिले.

६ एप्रिल १८९६ रोजी, म्हणजे तेव्हाच्या ग्रीक पंचांगानुसार २५ मार्चला, ग्रीसच्या स्वातंत्र्यदिनी, राजा जॉर्ज पहिला याने खेळांचे उद्घाटन केले. चौदा देशांचे सुमारे अडीचशे खेळाडू होते. विजेत्याला रौप्यपदक आणि ऑलिव्हची फांदी मिळे. सुवर्णपदकाची प्रथा तेव्हा नव्हती. ग्रीकांना आस होती ती मॅरेथॉनच्या विजयाची. शर्यत साधारण चाळीस किलोमीटरची होती. क्रीडांगणात पहिला शिरला तो मारूसी गावचा स्पिरिदॉन लुईस. पाणी वाहून नेण्याचे काम करणारा तो साधा गावकरी. दोन्ही राजपुत्र बाकावरून उतरून त्याच्या बरोबरीने अंतिम रेषेपर्यंत धावले. एकवीस वर्षांपूर्वी ज्या वर्गाला दार बंद केले होते, त्याच वर्गातल्या माणसाने ग्रीसची लाज राखली!

ब्रुक्स हे पाहायला नव्हता. आदल्या डिसेंबरमध्येच त्याने जगाचा निरोप घेतला होता.

काय घेतले, काय सोडले

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. १८९६ मध्ये जे उभे राहिले, ते प्राचीन ऑलिंपिक होते काय? झ्यूसला अर्पण होणारे बळी त्यात नव्हते. प्राचीन काळी खेळाडू विवस्त्र उतरत, ते शक्यच नव्हते. पूर्वी फक्त ग्रीकांना प्रवेश होता, आता जगाला होता. उलट, ज्या मॅरेथॉनने लोकांना वेड लावले, ती प्राचीन ऑलिंपिकमध्ये कधीच नव्हती. मिशेल ब्रेआल या फ्रेंच भाषाशास्त्रज्ञाने ती सुचवली आणि तिच्यासाठी चषकही दिला. पाच कड्यांचे चिन्ह कुबर्तिनने १९१३ मध्ये योजले. ऑलिंपियाहून ज्योत धावत नेण्याची प्रथा १९३६ च्या बर्लिन स्पर्धांपासूनची आहे. प्राचीन म्हणून आपण ज्यांच्याकडे भक्तिभावाने पाहतो, त्यांतील कितीतरी गोष्टी आपल्या आजोबांच्या काळातल्या आहेत.

एक कल्पना तर प्राचीनतेच्या नावाखाली चुकीची रुजली. खेळाडूने खेळातून पैसा घेऊ नये, हा नियम ग्रीकांचा म्हणून सांगितला गेला. वास्तविक ऑलिंपियात मुकुट मिळवून परतलेल्या विजेत्याला त्याचे नगर रोख इनाम आणि आयुष्यभराचे भोजन देत असे. तो नियम होता विलायतेतील सधन वर्गाचा. त्यापायी १९१२ चा महान धावपटू जिम थॉर्प याची दोन सुवर्णपदके हिरावली गेली. एकमेव विजेता म्हणून त्याचे नाव पुन्हा नोंदवायला २०२२ साल उजाडावे लागले. प्राचीनतेचा दाखला देताना तो तपासून घ्यावा लागतो. अन्यथा अन्याय होतो आणि तो परंपरेच्या नावावर जमा होतो.

आणि मालकीचे काय? १८९६ च्या यशानंतर ग्रीकांची मागणी होती की, हे खेळ कायम ग्रीसमध्येच भरावेत. मागणी स्वाभाविक होती. घर त्यांचे, देव त्यांचे, शब्दसुद्धा त्यांचे. कुबर्तिन ठाम राहिला. त्याच्या मते हे खेळ जगाचे व्हायचे तर ते जगभर फिरलेच पाहिजेत. विकेलासने मधला मार्ग सुचवला आणि १९०६ मध्ये अथेन्सला मधले खेळ झालेही, पण आज समिती त्यांची गणना ऑलिंपिकमध्ये करीत नाही. ग्रीसला मान राहिला, तो संचलनात सर्वांत पुढे चालण्याचा. उत्सव जिवंत झाला, पण तो एकट्या ग्रीसचा राहिला नाही.

जगाचा झाला म्हणजे निर्मळ झाला, असेही नाही. १९०४ मध्ये अमेरिकेत सेंट लुईस येथे जागतिक प्रदर्शनात आणलेल्या आदिवासींना पळवून त्यांची ‘वांशिक’ क्षमता मोजण्याचा लाजिरवाणा प्रकार झाला. १९३६ मध्ये हिटलरने बर्लिनच्या स्पर्धा आपल्या राजवटीच्या प्रचारासाठी राबवल्या. भव्य सोहळ्याआड बरेच काही झाकता येते, हाही या कथेचाच भाग आहे.

आपल्या अंगणात

या कथेला महाराष्ट्राचा धागा आहे. पुण्याच्या डेक्कन जिमखान्याच्या क्रीडास्पर्धांत अनवाणी धावणारे ग्रामीण तरुण पाहून सर दोराबजी टाटा यांच्या मनात ऑलिंपिकचा विचार आला आणि १९२० मध्ये अँटवर्पला भारतीय चमू गेला. फडेप्पा चौगुले तेथे मॅरेथॉन धावले. १९३६ मध्ये अमरावतीच्या श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने बर्लिनमध्ये भारतीय व्यायामप्रकार आणि हुतुतू जगाला दाखवले. १९५२ मध्ये खाशाबा जाधव हेलसिंकीला गेले, ते राजाराम महाविद्यालयाचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले राहते घर गहाण ठेवले म्हणून. अव्हेरॉफच्या नऊ लाखांइतकीच मोठी, किंबहुना मोठीच, ही देणगी आहे असे मी मानतो.

पण एक आठवणही सांगतो. तरुण वार्ताहर असताना एका जिल्ह्याच्या ठिकाणी मल्लखांबाच्या स्पर्धेला मला पाठवले होते. मुले सकाळपासून लंगोट कसून बसली होती. प्रमुख पाहुणे दोन तासांनी आले आणि पाऊण तास आपल्या उज्ज्वल व्यायामपरंपरेवर बोलले. मांडवात दिव्यांची सोय नव्हती. संध्याकाळ झाली आणि लहान गटाची स्पर्धा रद्द झाली. आठ-नऊ वर्षांच्या एका मुलाने मला विचारले, ‘‘काका, आमचं कधी?’’ मी दुसऱ्या दिवशी भाषणाची बातमी दिली. त्या मुलाची दिली नाही. हा दोष माझाही आहे.

परंपरेचा गौरव करण्यात जो वेळ गेला, तो परंपरेच्याच वेळातून कापला गेला होता. तो मुलगा अजून माझ्या डोळ्यांसमोर आहे.

परिस्थिती आता पालटते आहे, हे मी आनंदाने नमूद करतो. पुण्यात १९१४ च्या सुमारास ज्या खो-खोचे नियम बांधले गेले, त्याचा पहिला विश्वचषक जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत झाला आणि पुरुष व महिला अशी दोन्ही विजेतेपदे भारताने मिळवली. मल्लखांबाची पहिली जागतिक स्पर्धा २०१९ मध्ये मुंबईत झाली. २०२४ च्या ऑक्टोबरमध्ये भारताने २०३६ च्या ऑलिंपिकच्या यजमानपदासाठी इच्छापत्रही दिले.

मात्र ग्रीकांनी सोसले ते सोसायची आपली तयारी आहे का? कबड्डीचे उदाहरण पाहा. २०१८ मध्ये जाकार्ताच्या आशियाई स्पर्धेत आपला पुरुष संघ उपांत्य सामन्यात इराणकडून हरला आणि महिलांचे सुवर्णही इराणने अंतिम सामन्यात आपल्याकडून नेले. त्या इराणी महिला संघाच्या प्रशिक्षक होत्या नाशिकच्या शैलजा जैन. तेव्हा अनेकांना वाईट वाटले. मला वाटते, कबड्डी खऱ्या अर्थाने आंतरराष्ट्रीय झाली ती त्या दिवशी. जो खेळ आपण कधीच हरत नाही, तो जगाचा झालेला नसतो. पुढे हांगझोऊ येथे २०२३ मध्ये आपण दोन्ही सुवर्णे परत मिळवली, तीही मेहनतीने. मूळ खेळ आमचा आहे म्हणून कोणी ती दिली नाहीत.

तेव्हा पुनरुज्जीवन म्हणजे काय, याचे माझे उत्तर साधे आहे. नियम लिहून काढणे, ते सर्वांना सारखे लावणे, हिशेब चोख ठेवणे, आपल्यातल्या कोणालाही दाराबाहेर न ठेवणे, व्यक्ती गेली तरी चालेल अशी संस्था उभारणे आणि एवढे झाल्यावर आपली वस्तू मोकळ्या मनाने जगाच्या हाती देणे. अभिमान हा त्याचा आरंभ असू शकतो. तेवढ्यावर थांबलो, तर आपलेही १८७५ होईल.

शेवटी पुन्हा ऑलिंपियाला जाऊ. कुबर्तिन १९३७ मध्ये वारला. त्याच्या इच्छेनुसार त्याचे हृदय ऑलिंपियाच्या भूमीत पुरले आहे. २००४ मध्ये अथेन्सला स्पर्धा झाल्या, तेव्हा गोळाफेक मुद्दाम ऑलिंपियाच्या त्या प्राचीन क्रीडांगणात घेण्यात आली. प्रेक्षक गवताच्या उतारावर बसले होते. जेथे एके काळी विवाहित स्त्रीला पाहायलासुद्धा मज्जाव होता, त्या मातीवर त्या दिवशी महिला खेळाडूंनी गोळा फेकला. कोणीही म्हटले नाही की परंपरा बुडाली. उलट, ती तेथे पुन्हा नांदताना जगाने पाहिली.

आपल्या गावच्या मैदानावर आज संध्याकाळी एखादा मुलगा, एखादी मुलगी मल्लखांबाला तेल लावत असेल. त्यांची पाळी वेळेवर येईल एवढी व्यवस्था आपण केली, तरी पूर्वजांना पुष्कळ पावले.